इरकलीच्या टोकावरची खूण

नांदेडात रेल्वे ऑफिसच्या मागच्या गल्लीत, लिंबाच्या झाडाखाली, मडिवाळप्पाची इस्त्रीची टपरी आहे. गल्ली त्याला तोंडावर अप्पा म्हणते आणि पाठीमागे संशयी अप्पा. हे त्याला ठाऊक आहे, आणि हे नाव आधी कुणी काढलं याबद्दलही त्याचा चार-पाच जणांवर संशय आहे.

साठी गाठलेला, अंगानं काटकुळा, अजून कोळशाची इस्त्री वापरणारा हा माणूस. विजेच्या इस्त्रीवर त्याचा विश्वास नाही. निखारा डोळ्यांना दिसतो, वीज कुठं दिसते, एवढंच त्याचं म्हणणं. त्याची कपडे घ्यायची रीतही अशीच जगावेगळी. गाठोडं आलं की तो एकेक नग मालकासमोर उघडतो, दोन्ही बाजूंनी फिरवून दाखवतो, डाग कुठं आहे, बटन कुठलं गेलंय, सगळं बोलून घेतो, आणि मालकानं हो म्हटल्याशिवाय पुढचा नग उचलत नाही. परत देतानाही तेच. ऑफिसला निघालेले साहेबलोक घड्याळाकडं बघत तिष्ठत उभे राहतात. एकदा एका बाईंनी वैतागून सांगितलं, अप्पा, आमचा विश्वास आहे तुमच्यावर. अप्पा म्हणाला, "तुमचा असंल हो, माझा तुमच्यावर न्हाई." बाई हसल्या. अप्पा मात्र थट्टा करत नव्हता.

तर अशा माणसाच्या टपरीपुढं मागच्या मार्चमध्ये एका सकाळी पांढरी गाडी येऊन थांबली. आतून तिशीची एक मुलगी उतरली. केस मुलांसारखे कापलेले, एकाच कानात डूल. तिनं आपलं नाव वर्षाराणी सांगितलं. विष्णुपुरीला धरणाच्या पाण्याच्या कडेला फोटोंचं काम चाललंय, फॅशनच्या मोठ्या मासिकासाठी, आणि कपडे सारखे करायची बॅटरीवरची वाफेची मशीन ऐनवेळी बंद पडलीय. तिथं रानात वीज नाही. कोळशाची इस्त्री असलेला माणूस हवाय, एका दिवसापुरता.

अप्पानं तिला पायापासून डोक्यापर्यंत बघून घेतलं. एवढ्या मोठ्या शहरात मलाच का गाठलं, हा पहिला प्रश्न. फोटोला इस्त्री कशाला लागते, हा दुसरा. दुसरा डूल कुठं गेला, हा त्यानं मनातच ठेवला. त्याची बायको सिंधु मागून म्हणाली की जा की, काय खाणार हायत का तुम्हाला. शेवटी तो निघाला, पण गाडीत बसायच्या आधी त्यानं गाडीचा नंबर बॉलपेननं तळहातावर लिहून घेतला आणि सिंधुलाही पाठ करायला लावला.

विष्णुपुरीला हरभरा काढून मोकळ्या झालेल्या रानात तंबू ठोकला होता. पुढं धरणाचं पाणी, कडेला बाभळी, आणि बाभळींच्या मधोमध लग्नाच्या स्टेजवर असते तसली सोनेरी खुर्ची. खुर्चीजवळ एक उंच, सावळी मुलगी उभी होती. पापण्यांपासून कानशिलापर्यंत तिला हळदीसारखा पिवळा रंग फासला होता, ओठ जांभळे केले होते, आणि केसांना काय चोपडलं होतं कोण जाणे, ते वाऱ्यातसुद्धा हलत नव्हते. अप्पाला आधी वाटलं पोरीला कावीळ झालीय. ती मॉडेल होती, प्रियदर्शनी नावाची, मूळची नायगावची. तिच्या एका पायात वीतभर उंच टाचेची चप्पल होती आणि दुसरा पाय अनवाणी. अप्पानं मुकाट्यानं इकडंतिकडं दुसरी चप्पल शोधली. ती सापडेना. आपण आलो आणि चप्पल गेली, आता हे बालंट आपल्यावरच येणार, असं त्यानं धरून टाकलं. चप्पल मुळात एकच घालायची आहे, त्याला स्टायलिंग म्हणतात, हे वर्षाराणीनं समजावलं तेव्हा त्याचा संशय कमी व्हायच्या ऐवजी वाढला.

कॅमेरेवाला सत्यम नावाचा पोरगा होता. त्याला उन्हं चढायच्या आत काम हवं होतं आणि तो सगळ्यांना घाई करत होता. वर्षाराणीनं कपड्यांचा ढीग अप्पापुढं ठेवला. अप्पानं रीतीप्रमाणं एकेक नग उघडून तिला दाखवला. ती कानाला फोन लावून हो हो म्हणत राहिली. त्यात एक पायघोळ पांढरा झगा होता, इतका चुरगळलेला की बघवत नव्हता. मोठ्या घरच्यांना कपड्याची किंमत नसते असं मनाशी म्हणत अप्पानं त्याच्यावर जीव ओतला. पाणी शिंपडलं, निखारे फुलवले, बाह्यांना धारदार घडी आणली, घेराची एकेक चुणी मोडून काढली. अर्ध्या तासानं झगा दोरीवर टांगला तेव्हा तो नवा कोरा दिसत होता आणि अप्पाला स्वतःचं कौतुक वाटत होतं.

वर्षाराणी आली आणि जागच्या जागी उभी राहिली. त्या सुरकुत्या तिनं दोन दिवस खपून केल्या होत्या. झगा ओला करून पिळला होता, सुतळीनं आवळून बांधला होता, तसाच वाळवला होता. पूर्ण फोटो त्या सुरकुत्यांवर बेतलेला होता, आणि झगा इस्त्रीच्या ढिगात चुकून आला होता. सत्यमनं कपाळावर हात मारला. अप्पाला यातलं काही पटलं नाही. कापड मुद्दाम चुरगळणारं माणूस त्यानं उभ्या जन्मात बघितलं नव्हतं, त्यामुळं हा आपल्याला अडकवायचा डाव आहे अशी त्याची खात्री झाली. "उघडून दाखवलं तवा तुम्हीच हो म्हणालात," तो म्हणाला. ते खरं होतं. हसली ती फक्त प्रियदर्शनी. आमच्या आईनं हा झगा बघितला असता तर तुम्हाला चहा पाजला असता काका, असं ती म्हणाली.

आता अंगावर घालायला दुसरं काय, हा प्रश्न आला. वर्षाराणीनं बॅगेच्या तळातून जुन्या धोतरात बांधलेलं एक गाठोडं काढलं. आत इरकल साडी होती. फिकट निळं अंग, तांबडा पदर, पदरावर पांढरी टोकदार नक्षी. असू द्यावी म्हणून आणली होती, ती म्हणाली, एवढी नीट इस्त्री करा.

अप्पानं साडी हातात घेतली आणि पुन्हा रीतीप्रमाणं उघडायला लागला. पदर, काठ, अंग, सगळं धड होतं, फारशी नेसलेली वाटत नव्हती. उघडत उघडत तो खोचायच्या टोकापर्यंत आला, आणि तिथं त्याचा हात थांबला. टोकाच्या कोपऱ्यात आतल्या बाजूला बारीक काळी खूण होती. दोन ठिपके, मधे आडवी रेघ, आणि रेघेचं शेपूट वर वळलेलं.

पूर्वी परीट अशा खुणा करत. बिब्ब्याच्या रसात काडी बुडवून टिपायची आणि वर चुना लावायचा, मग ती कापड विरेपर्यंत जात नाही. प्रत्येक घराची खूण वेगळी, म्हणजे धुण्यात कपडे मिसळले तरी घरं चुकत नाहीत. दोन ठिपके आणि आडवी रेघ ही देगलूरच्या हाणेगावकरांच्या घराची खूण. आणि रेघेचं शेपूट वर वळायचं ते एकाच माणसाच्या हातून, कारण त्याचा उजवा अंगठा लहानपणी मोडून तसाच वाकडा बसला होता. तो माणूस म्हणजे शरणप्पा, मडिवाळप्पाचा बाप.

आता मागचं सांगायला हवं. चाळीस वर्षांपूर्वी, दसऱ्याच्या तोंडावर, हाणेगावकरांच्या सूनबाईंची, गौरम्मांची, लग्नातली इरकल धुवायला दिली होती ती हरवली. शरणप्पा म्हणाला, घरात दिली. कुणाच्या हातात दिली ते मात्र सांगेना. घरातल्या पुरुषांनी त्याला दारात उभं केलं, विभूतीची वाटी पुढं ठेवली आणि म्हणाले, हात ठेवून शपथ घे. शरणप्पानं वाटीकडं बघितलं आणि हात मागं घेतला. साडी घरात दिली, शपथ घेत नाही, एवढंच तो परत म्हणाला. एकोणीस वर्षांचा मडिवाळप्पा मागं गाठोडं घेऊन उभा होता. पंधरा दिवसांत देगलूरच्या सगळ्याच घरांनी त्यांना कपडे देणं बंद केलं. बिऱ्हाड एसटीच्या टपावर टाकून ते नांदेडला आले.

आणि खरी गोष्ट याच्याही पुढची आहे, जी मडिवाळप्पानं सिंधुलाही कधी सांगितली नव्हती. गावानं बापाला चोर म्हटलं याचं त्याला दुःख होतंच, पण त्याला स्वतःलाही तो संशय होता. खरा माणूस शपथेला कशाला भिईल? नांदेडला आल्यावर एकदा त्यानं विचारलं होतं, "बाबा, मला तरी खरं सांगा." शरणप्पानं हातातल्या सदऱ्याची घडी घालून तो बाजूला ठेवला. पण त्या दिवसापासून, मुलाच्या हातात घडी घालायला कपडा देतानासुद्धा, तो आधी उघडायचा, दोन्ही बाजूंनी फिरवून दाखवायचा, आणि मगच द्यायचा. घरातल्या घरात, पोटच्या पोराला. अकरा वर्षं, मरेपर्यंत. अप्पाची जी रीत गल्लीला विनोदी वाटते ती तिथून आलेली आहे.

तर आता ती साडी अप्पाच्या हातात होती. त्यानं आवाज शक्य तितका साधा ठेवून विचारलं की ही कुणाची म्हणायची. आजीची, वर्षाराणी म्हणाली. आजी कुठल्या? देगलूरची, पण आता लातूरला काकांकडं असते. नाव? गौरम्मा. अप्पानं मान हलवली. आजीला ही नेसलेली मी कधी बघितलीच नाही हो, ती आपणहून सांगत होती, पेटीच्या तळाला असायची, मागच्या वर्षी म्हणाली घेऊन जा ही या घरातून.

अप्पाच्या डोक्यात चक्र सुरू झालं. साडी घरातच होती म्हणजे गेलीच नव्हती. की गेली होती आणि परत आली? बापानं घेऊन पुन्हा गुपचूप नेऊन ठेवली असेल तर? पाहा माणसाचं मन. हातात पुरावा आला तरी त्याला आधी बापाचाच संशय आला. स्वतःची त्याला किळस आली. पण साडीवर मात्र त्यानं अशी इस्त्री फिरवली की टोकावरची खूण स्वच्छ उठून दिसली.

वर्षाराणीनं ती साडी नेसवली तीही आपल्या पद्धतीनं, म्हणजे उलटी. तांबडा पदर कमरेला गुंडाळून मागं ढेकळांत लोळत सोडला, आणि जे टोक खोचायचं ते आतली बाजू वर करून डाव्या खांद्यावरून पुढं आणून मोठ्या लोखंडी पिनेनं अडकवलं. प्रियदर्शनी बाभळीत जाऊन उभी राहिली. एक पाय उंच, एक जमिनीला, मान ताठ. सत्यमनं दोन फोटो काढले आणि पडद्यावर बघून म्हणाला की खांद्यावर डाग आहे. पितळी फूल लावा त्याच्यावर, नाहीतर राहू द्या, मी नंतर कॉम्प्युटरवर पुसून टाकतो.

"ते पुसायचं न्हाई," अप्पा म्हणाला.

सगळे त्याच्याकडं बघायला लागले. इस्त्रीवाल्यानं फोटोत तोंड घालावं याची कुणाला सवय नव्हती. अप्पानं मग सांगितलं. साडी, दसरा, विभूतीची वाटी, बिऱ्हाड, सगळं तुटक तुटक सांगितलं. ते ऐकताना वर्षाराणीचा चेहरा बदलत गेला. तिच्या घरावर कुणी उन्हात उभं राहून असं काही बोलतंय, आणि तेही सकाळी झगा बिघडवलेला माणूस. तुम्हाला नक्की काय हवंय, तिनं विचारलं, आणि त्या विचारण्यातला संशय अप्पानं लगेच ओळखला. त्याच्या ओळखीचीच चीज होती ती.

"गौरम्मांना फोन लावा," तो म्हणाला. "माझ्यासमोर लावा, आवाज मोठा करून."

फोनच्या पडद्यावर पांढऱ्या केसांचा, दात नसलेला चेहरा आला. "यारु?" म्हातारीनं कानडीत विचारलं. "कोण हाय?"

"अव्वा, मी मडिवाळ. शरणप्पा परटाचा."

पलीकडं म्हातारीनं चेहरा फोनच्या अगदी जवळ आणला. मग अप्पानं फक्त एकच विचारलं, साडी कधी सापडली. गौरम्मा म्हणाल्या त्याच दिवाळीत. दसऱ्याला येऊन गेलेली नणंद पुन्हा माहेरपणाला आली होती, तिच्या पेटीत निघाली. सासरी लग्नात मिरवायला म्हणून तिनं न विचारता ठेवून घेतली होती. शरणप्पानं ती दारात तिच्याच हातात दिली होती.

"त्यानं तिचं नाव घेतलं असतं तर तिला सासरी नांदवली नसती," गौरम्मा म्हणाल्या. "शपथ घेतली असती तर मग कोण, म्हणून घरात शोध झाला असता. त्यानं दोन्ही केलं न्हाई. आम्हाला कळलं तवा तुम्ही गाव सोडलं होतं. मालक म्हणाले, आता बोलून काय. मी ती साडी पुन्हा अंगाला लावली न्हाई बघ."

"न लावून आमचं काय झालं, अव्वा," अप्पा म्हणाला.

म्हातारीनं पदर डोळ्यांना लावला. ती रडत होती बहुतेक, पण ते खरं रडणं की वयाचं, याचाही अप्पाला भरवसा नव्हता. त्यानं फोन वर्षाराणीच्या हातात दिला आणि बाभळीच्या सावलीत जाऊन बसला. त्याला रडू आलं नाही. त्याला फक्त शरम वाटत होती, इतकी की तोंडाला घोटभर पाणी लावणंसुद्धा नको झालं. गाव चुकलं ते चुकलं. गावाला काय कळत होतं? पण आपण त्या माणसाच्या मांडीला मांडी लावून जेवलो, आणि अकरा वर्षं त्याला आपल्यासमोर कपडे झटकून दाखवायला लावले.

थोड्या वेळानं वर्षाराणी त्याच्याजवळ येऊन उकिडवी बसली. मला यातलं काही माहीत नव्हतं अप्पा, ती म्हणाली. अप्पानं खुणेचा विषय काढला. ती खूण फोटोत राहिली पाहिजे, पुसायची नाही. आमच्या बाबांचा एकही फोटो घरात नाही, त्यांच्या हातचं जगात एवढंच काय ते उरलंय.

वर्षाराणी म्हणाली, "तुम्ही म्हणाल त्याची शपथ घेते."

"शपथ नको," अप्पा म्हणाला. "नुसतं हो म्हणा."

ती हो म्हणाली. पिवळ्या पापण्यांची प्रियदर्शनी हे सगळं उभ्या उभ्या ऐकत होती. सत्यमनं पुन्हा कॅमेरा डोळ्याला लावला तेव्हा तिनं कुणी न सांगता डावा खांदा पुढं केला आणि टोकाचा कोपरा बोटानं सारखा केला.

अप्पा घरी आला, तळहातावरचा नंबर धुतला, आणि त्या दिवसापासून वाट बघायला लागला. वाट बघणं त्याला जमत नाही. आठवडाभरात त्याची खात्री झाली की त्या पोरीनं वेळ मारून नेली. आपल्याच घराची अब्रू कोण मासिकात छापून घेईल? सत्यमचा तर त्याला पहिल्यापासून भरवसा नव्हता, कॉम्प्युटरवर पुसायला एक टिचकी पुरते असं तो कुणाला तरी सांगत होता. एप्रिल गेला, मे गेला. सिंधुला त्यानं आता सगळं सांगितलं होतं. ती म्हणायची, हो म्हणाली न ती, मग. अप्पा म्हणायचा, हो म्हणायला काय लागतं. पाऊसकाळ निम्मा झाला तेव्हा त्यानं वाट बघणं सोडून दिलं, निदान तसं सगळ्यांना सांगितलं.

पोळ्याच्या दोन दिवस आधी कुरिअरवाला जाड पाकीट घेऊन आला. अप्पानं त्याला जाऊ दिलं नाही. पाकिटाच्या दोन्ही बाजू त्याला दाखवल्या, फाटलेलं नाही हे कबूल करून घेतलं, आणि त्याच्यासमोरच उघडलं. आत हातभर लांबीचा फोटो होता. धरणाचं पाणी, बाभळी, पिवळ्या डोळ्यांची राणीसारखी उभी पोरगी. कुरिअरवाला म्हणाला, लई भारी हिरॉइन हाय की अप्पा.

अप्पा हिरॉइन बघतच नव्हता. त्याचे डोळे डाव्या खांद्यावर गेले होते. दोन ठिपके होते. आडवी रेघ होती. रेघेचं शेपूट वर वळलेलं होतं, वाकड्या अंगठ्यानं वळवावं तसंच. सिंधु हात पुसत बाहेर आली आणि कोण म्हणायची ही, असं विचारू लागली. अप्पानं त्या खुणेवर बोट ठेवलं.

"हे आमचे बाबा," तो म्हणाला.

त्यानं फोटो टपरीच्या आतल्या फळीवर चार खिळ्यांनी ठोकला. मग निखारे फुलवले आणि सकाळी आलेल्या गाठोड्यातला पहिला सदरा उचलला. तो सदरा त्यानं फोटोसमोर उघडून धरला, आधी पुढून दाखवला, मग मागून दाखवला, क्षणभर थांबला, आणि मग टेबलावर पसरला.